परक्या भाषेशी सोयरीक

आल्फ्रेड रसेल वॉलेस हा तरुण निसर्ग-अभ्यासक १८५२ साली ॲमेझॉनच्या खोऱ्यातून परतला आणि त्याच वर्षी लंडनच्या प्राणिशास्त्र मंडळापुढे त्याने तिथल्या माकडांवर एक निबंध वाचला. त्याचे म्हणणे असे की, ॲमेझॉन, रिओ नेग्रो, मादेइरा या विशाल नद्या म्हणजे माकडांच्या जातींच्या सरहद्दी आहेत. या काठावर दिसणारी जात समोरच्या काठावर दिसत नाही. उगमाकडे जावे, पात्र अरुंद होत जावे, तशी ही सरहद्दही पुसट होते. जीवशास्त्रात या मताची चर्चा आजही चालू आहे.

हाच वॉलेस रिओ नेग्रोला मिळणाऱ्या वाउपेस नदीतून होडीने पार आतवर गेला होता. परतताना जहाजाला भर समुद्रात आग लागली आणि त्याचा बहुतेक संग्रह खाक झाला. तरीही पुढच्या वर्षी निघालेल्या प्रवासवर्णनाला त्याने तिथल्या लोकांच्या भाषांच्या शब्दयाद्या जोडल्या. माकडांचा निबंध आणि या शब्दयाद्या शेजारी ठेवल्या, की एक मोह होतो. नदी आड आली, कळप दुरावले आणि जाती वेगळ्या झाल्या. माणसांचेही असेच झाले असणार, त्यातून या भाषा निघाल्या असणार. भाषांच्या वैविध्याविषयी आपल्या मनात हेच चित्र पक्के असते. पेरूच्या सरकारी यादीत ४८ मूळनिवासी भाषा आहेत आणि त्यांतल्या ४४ ॲमेझॉनच्या जंगलातल्या. कारण विचाराल तर कोणीही सांगेल: घनदाट अरण्य, जाण्यायेण्याची सोय नाही, जो तो आपापल्या कोपऱ्यात.

वाउपेसचा काठ हे उत्तर खोटे ठरवतो. तिथली माणसे एकमेकांपासून तुटलेली नव्हती, पिढ्यान्‌पिढ्या एकमेकांच्या घरात नांदत होती. इतक्या जवळिकीत भाषा वेगळ्या राहिल्या, त्या लोकांनी राखल्या म्हणून. हे नीट समजून घेतले नाही, तर या भाषा आज कशामुळे बुडताहेत तेही समजणार नाही, असे मला वाटते.

वाउपेस कोलंबियात उगम पावते, काही अंतर ब्राझीलची सरहद्द होऊन वाहते आणि मग रिओ नेग्रोत शिरते. या भागातल्या कितीतरी नद्यांचे पाणी कोऱ्या चहासारखे काळपट. अँडीज पर्वतातून येणाऱ्या नद्या गाळ घेऊन येतात, त्यांचे पाणी गढूळ पण कसदार. काळ्या नद्या मात्र वालुकामय, निकस जमिनीवरून येतात. कुजलेल्या पाल्यापाचोळ्याचा अर्क त्यांत उतरलेला असतो, पोषक द्रव्ये फार थोडी. मासळी बेताची. म्हणून तिथले लोक पुराच्या पाण्यात बुडणारे काठचे जंगल तोडत नसत, कारण मासे तिथेच चरायला येतात. शेती आतल्या उंचवट्यावर, तीही मुख्यतः कडू कसाव्याची. हा कंद विषारी असतो. तो किसायचा, वेताच्या लांब विणलेल्या नळीत भरून पिळायचा, विषारी रस काढून टाकायचा आणि मग त्याची भाकर भाजायची. हे सगळे काम बायकांचे.

आणि या बायका परभाषेतून आलेल्या. वाउपेस खोऱ्यात तुकानो, देसाना, तुयुका, बारासाना, कोतिरिया, तारियाना असे डझनाहून अधिक समाज आहेत आणि प्रत्येकाची ओळख त्याच्या भाषेने ठरते. बापाची भाषा ती आपली भाषा. आपली भाषा बोलणारे सारे भाऊबहीण, म्हणून त्यांच्यात लग्न निषिद्ध. आपल्याकडे सगोत्र विवाह टाळतात, तसा तिथे सभाषिक विवाह टाळतात. तुकानो मुलाला तुकानो मुलगी करून घेता येत नाही. मुलगी दुसऱ्या भाषेतली हवी. (कुबेओंसारखे काही समाज हा नियम इतका कडक पाळत नाहीत.)

या नियमाने घरात काय घडत असेल, ते पाहण्याजोगे आहे. पूर्वी इथले लोक मालोकात राहत. मालोका म्हणजे पानांनी शाकारलेले एकच अवाढव्य घर, त्यात भावाभावांची बिऱ्हाडे. पुरुष सगळे एका भाषेचे. सुना मात्र कोणी देसाना, कोणी तुयुका, कोणी तारियाना. एकाच माहेरच्या दोघी असल्या, तर कसावा किसताना त्या माहेरची भाषा बोलणार. मूल आईच्या कुशीत तिची भाषा ऐकते, अंगणात काकूंच्या ऐकते, आणि कळते झाल्यावर बापाची भाषा आपली म्हणून बोलते. आर्थर सोरेन्सन या भाषाशास्त्रज्ञाने १९६७ साली या भागाविषयी एक निबंध लिहिला. तिथला प्रौढ माणूस सहज तीन-चार भाषा जाणतो, अनेकांना त्याहून जास्त येतात, आणि उतारवयातही माणसे नवी भाषा शिकत असतात, हे त्याने नोंदवले. त्याने टिपलेली आणखी एक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. भाषा नीट येईपर्यंत माणूस ती बोलायला जात नाही. तो आधी ऐकत राहतो, शब्द जमवतो, मनात घोळवतो. मोडकेतोडके बोलून वेळ मारून नेणे तिथे चालत नाही, कारण भाषा ही दुसऱ्या कुळाच्या मालकीची वस्तू आहे.

ही मालकी कुठून आली, ते नदी सांगते. सृष्टीच्या आरंभी पूर्वज एका अजस्र ॲनाकोंडाच्या पोटात बसून पूर्वेकडच्या दुधाच्या सरोवरातून निघाले. सर्प हीच होडी. ती प्रवाहाविरुद्ध वर आली, जागोजागी थांबली आणि इपानोरेच्या धबधब्याशी खडकातल्या भोकांतून माणसे बाहेर पडली. आधी कोण आले, मागून कोण, यावर कुळांचे थोरले-धाकटेपण ठरले. देसाना समाजातल्या बापलेकांनी ही सृष्टिकथा आपल्या समाजाच्या वतीने लिहिली आणि १९८० साली तिचे पुस्तक झाले. ब्राझीलमध्ये मूळनिवासींनी स्वतः लेखक म्हणून प्रसिद्ध केलेले ते पहिले पुस्तक. या कथेत कुठेही नदी दोन माणसांच्या मध्ये येत नाही. सारे एकाच होडीतून आले, उतरले निरनिराळ्या जागी. वॉलेसच्या माकडांची नदी आडवी ओलांडायची होती; ही उभी, वर चढून जायची आहे.

आता भाषांच्या पोटात शिरू. इतक्या निकट सहवासात भाषा एकमेकींत मिसळून जायला हव्या होत्या. अलेक्झांड्रा अयखेनवाल्ड यांनी तारियाना भाषेचा अनेक वर्षे अभ्यास केला आणि २००३ साली तिचे विस्तृत व्याकरण प्रसिद्ध केले. तारियाना ही आरावाक कुळातली, शेजारच्या तुकानो वगैरे भाषा अगदी वेगळ्या कुळातल्या. अयखेनवाल्ड यांना दिसले ते असे की, तारियाना बोलणारे तुकानोचे शब्द उसने घेणे कटाक्षाने टाळतात. बोलताना परका शब्द आला, तर ऐकणारे त्याला हसतात. पण शब्दांवर असा कडक पहारा असताना व्याकरण मात्र नकळत तुकानोच्या वळणावर गेले आहे.

याचे एक उदाहरण जवळून पाहू. ‘जुसे फुटबॉल खेळला’ एवढेच तारियानात म्हणता येत नाही. आपल्याला हे कसे कळले, तेही क्रियापदातच सांगावे लागते. मी डोळ्यांनी पाहिले असेल तर शेवटी ‘-का’. नुसता आवाज ऐकला असेल तर ‘-माह्का’. त्याचे बूट आणि चेंडू जागेवर नाहीत, त्यावरून ताडले तर ‘-निह्का’. रविवार आहे, तो दर रविवारी खेळतो, म्हणून धरून चाललो तर ‘-सिका’. कोणी सांगितले असेल तर ‘-पिदाका’. मराठीत ऐकीव गोष्टीला आपण ‘म्हणे’ लावतो, पण ते आपल्या मर्जीवर. तिथे मर्जी नाही. प्रत्येक विधानासोबत त्याचा पुरावा द्यायचा, आणि चुकीचा प्रत्यय लावणारा माणूस खोटारडा ठरतो. तारियानाची जवळची बहीण बानीवा; तिच्यात फक्त ऐकीव गोष्टीची खूण आहे. बाकीची व्यवस्था तारियानाने तुकानोच्या सहवासात उभारली, आणि तीही आपल्याच घरच्या अक्षरांतून.

याचे जुळे उदाहरण महाराष्ट्रात सापडते. सांगली जिल्ह्यातल्या कुपवाडचा अभ्यास जॉन गंपर्झ आणि रॉबर्ट विल्सन यांनी केला. तो १९७१ साली प्रसिद्ध झाला आणि जगभरच्या भाषाशास्त्रज्ञांना हे गाव माहीत झाले. तिथे जैन आणि लिंगायत कानडी बोलत, मुसलमान उर्दू, दलित आणि भूमिहीन मजूर मराठी. शतकानुशतके शेजारी राहून या भाषांची वाक्यरचना इतकी एकसारखी झाली होती, की एका भाषेतले वाक्य शब्दाला शब्द ठेवून दुसऱ्या भाषेत जाई. शब्द मात्र ज्याचे त्याच्याकडे. वाउपेसवर घडले तेच इथे घडले. फरक आहे तो कारणात. कुपवाडात लग्ने जातीच्या आत होत, म्हणून घरची भाषा घरात राहिली. वाउपेसवर लग्ने भाषेच्या बाहेर होतात, म्हणून प्रत्येकाला आपली भाषा जपावी लागते. ती गेली तर सोयरीक कोणाशी करायची, हेच कळेनासे होईल. मला या दोहोंतली दुसरी रीत अधिक माणुसकीची वाटते. तिच्यात वेगळेपण आहे, पण शेजाऱ्याच्या ताटाला न शिवण्याची अट त्यात नाही.

तिथे समता नांदते, असा याचा अर्थ कोणी घेऊ नये. नद्यांच्या मधल्या जंगलात हुप्दा लोक राहतात. ते या लग्नव्यवहाराच्या बाहेर आहेत. नदीकाठचे लोक त्यांना हलके समजतात. हुप्दा तुकानो शिकतात. तुकानो मात्र त्यांची भाषा शिकत नाहीत. जिथे सोयरीक नाही, तिथे शिकणे एका बाजूनेच होते, आणि इतर भाषांवर जे संकट आले त्याचे हे लहान रूप म्हणता येईल.

संकट दोन वाटांनी आले. पहिली रबराची. पुतुमायो नदीच्या खोऱ्यात हुलिओ सेसार आराना या व्यापाऱ्याच्या माणसांनी उइतोतो, बोरा आणि इतर समाजांना चाबकाच्या आणि बंदुकीच्या धाकाने रबर गोळा करायला लावले. ही कंपनी लंडनमध्ये नोंदलेली होती. ब्रिटिश अधिकारी रॉजर केसमेंट १९१० साली तिथे गेला, आणि १९१२ साली त्याचा अहवाल प्रसिद्ध झाला तेव्हा युरोप हादरले. हजारो माणसे मारली गेली, उपासमारीने आणि रोगराईने गेली. उरलेल्यांपैकी अनेक बोरा कुटुंबांना पुढे त्यांच्या नदीवरून उचलून पेरूतल्या आम्पियाकू नदीकाठी नेले गेले.

तिथे त्यांनी मांगुआरे पुन्हा घडवले. ओंडके आतून पोखरून केलेले हे नगारे, जोडीने वाजवायचे. बोरा भाषेत उंच आणि खालचा असे दोन सूर आहेत. नगाऱ्यावर शब्दांचे सूर वाजतात आणि दोन ठोक्यांमधल्या अंतरातून अक्षरांची लयही कळते. २०१८ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात हे मोजून दाखवले आहे. स्वर-व्यंजने काहीही नसताना वीसेक किलोमीटरवरच्या माणसाला निरोप कळतो. दाट झाडीतून नजर पोचत नाही, तिथे वाक्य पोचते.

दुसरी वाट शाळेची. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकापासून सालेशियन मिशनरी रिओ नेग्रो आणि वाउपेसवर आले. त्यांना मालोका पापाचे घर वाटले. ती पाडायला लावली, एकेका कुटुंबाच्या घरांच्या रांगा उभ्या केल्या आणि मुले वसतिगृहात नेली. तिथे स्वतःची भाषा बोलणाऱ्याला शिक्षा होई. या बदलात सर्वांत मोठा घाव मालोका पडण्याचा होता, असे मी म्हणेन. आई, काकू, आजी यांच्या चार-पाच भाषा एका छपराखाली ऐकण्याची सोय गेली. वसतिगृहातली मुले आपसात तुकानोवर येऊन थांबली. आज तारियाना बोलणारे शंभराच्या आसपास उरले आहेत. त्या समाजाच्या मुलांच्या तोंडी तुकानो आहे. म्हणजे तारियानाला पोर्तुगीजने थेट गिळले नाही, सोयऱ्याच्याच भाषेने गिळले. पण सोयऱ्यांमधला तोल मिशनने मोडल्यावर.

सरकारांना हे उशिरा उमजले. साओ गाब्रिएल दा काशोएरा ही रिओ नेग्रोवरची नगरपालिका क्षेत्रफळाने पोर्तुगालपेक्षा मोठी. तिने २००२ साली तुकानो, बानीवा आणि न्येंगातू या भाषांना पोर्तुगीजच्या जोडीला अधिकृत दर्जा दिला. न्येंगातू ही मुळात किनाऱ्यावरच्या तुपी भाषेतून आलेली. जेझुइटांनी पसरवलेली, मग अठराव्या शतकात पोर्तुगीज राजसत्तेने मना केलेली आणि तरीही रिओ नेग्रोवर कित्येकांनी आपली मानलेली. जुलै २०२३ मध्ये ब्राझीलची राज्यघटना याच भाषेत आणि याच गावात प्रसिद्ध झाली. त्याआधी २००६ साली वाउपेसवरच्या इयाउआरेतेच्या धबधब्याला पवित्र स्थान म्हणून राष्ट्रीय वारशाचा दर्जा मिळाला होता.

पेरूत मात्र असा दर्जा भाषेऐवजी नदीच्या वाट्याला आला. तिथे मारान्योन नदीकाठी कुकामा लोक राहतात. नदीत बुडालेले आप्त मरत नाहीत, पाण्याखालच्या गावांत राहतात, असे ते मानतात. तेलाच्या पाइपलाइनमधून वर्षानुवर्षे गळती होत राहिली. २०१४ साली कुनिनिको गावापाशी मोठी गळती झाली. कुकामा बायकांच्या संघटनेने मारिलुस कानाकिरी यांच्या नेतृत्वाखाली २०२१ साली दावा लावला. मार्च २०२४ मध्ये नाउताच्या न्यायालयाने मारान्योनला स्वतःचे हक्क असलेली व्यक्ती ठरवले आणि वरच्या न्यायालयाने त्याच वर्षी निकाल कायम केला. वाहण्याचा हक्क, प्रदूषणापासून मुक्त राहण्याचा हक्क आणि नदीच्या वतीने बोलणारे म्हणून मूळनिवासी संघटना.

बहुतेक कुकामा आज स्पॅनिश बोलतात. शाळेत शिक्षा भोगलेल्या पिढीने मुलांना आपली भाषा मुद्दाम दिली नाही. या भाषेत सर्वनामेसुद्धा बाईची वेगळी आणि बाप्याची वेगळी. ती नीट वापरणारे आता वृद्ध आहेत. नाउतातले रेडिओ उकामारा हे छोटे केंद्र त्यांच्याकडून गाणी आणि गोष्टी गोळा करते, मुलांकडून कुकामात गाऊन घेते. पाइपलाइनची दुरुस्ती करण्याचा हुकूम न्यायालयाने सरकारी तेल कंपनीला दिला आहे. मुलांना भाषा देण्याचा हुकूम मात्र कोणालाच देता येत नाही, आणि ते काम आज नाउताच्या त्या केंद्रातल्या आज्या करताहेत.