साक्ष द्यायची तर पूर्ण द्यावी

उर्दूत 'शहादत' या शब्दाचे दोन अर्थ आहेत. एक हौतात्म्य, दुसरा साक्ष. आम्ही उर्दू शाळेतले शिक्षक पहिला अर्थ मुलांना मोठ्या अभिमानाने सांगतो. दुसऱ्या अर्थाकडे मात्र आपल्या समाजाचे फारसे लक्ष गेलेले नाही.

नाझींनी साठ लाख ज्यूंना ठार मारले. त्यातून वाचलेल्यांना क्लोद लान्झमान यांनी 'शोआ' (1985) या नऊ तासांहून मोठ्या माहितीपटात बोलते केले. त्यात जुनी दृश्ये नाहीत, माणसे आठवून सांगतात एवढेच. पुढे 1994 साली स्पीलबर्ग यांनी संस्था काढली आणि पन्नास हजारांहून अधिक साक्षी चित्रित झाल्या.

आपल्या बुलढाणा जिल्ह्याला लागून जालना आहे. 1948 साली ही हद्द निजामाच्या राज्याची होती. 13 सप्टेंबरला पोलीस ॲक्शन सुरू झाली आणि पाच दिवसांत संपली. त्या काळात आणि त्यानंतर जे घडले, त्याची चौकशी नेहरूंनी पंडित सुंदरलाल यांच्या समितीकडे दिली. समितीचा अंदाज निदान 27 ते 40 हजार मृत्यूंचा होता. उस्मानाबाद, नांदेड, बिदर, गुलबर्गा या जिल्ह्यांना सर्वांत जास्त झळ बसली. सरकारने हा अहवाल कित्येक दशके प्रसिद्ध केला नाही. ही घटना आणि ज्यूंचा संहार एकसारखे नाहीत, पण आठवण जपण्याचे काम सारखेच आहे. तेव्हा दहा वर्षांचा असलेला मुलगा आज नव्वदीच्या घरात आहे. आपण लग्नाची वरात मोबाईलवर टिपतो, पण या बुजुर्गांचे बोलणे टिपत नाही.

काही म्हणतील, झाकलेली जखम कशाला उघडता? प्रश्न रास्त आहे. 'शोआ'त अब्राहम बोम्बा नावाचा न्हावी सांगता सांगता थांबतो, त्याला पुढे बोलवत नाही. लान्झमान मात्र बोलण्याचा आग्रह सोडत नाहीत. ती साक्ष अमोल आहे, पण आमच्या मते तो आग्रह धरण्याचा हक्क कॅमेऱ्याला नाही. एखादी दादी गप्प राहिली तर तिचे गप्प राहणे हीही साक्षच समजावी.

दुसरी अट अधिक कठीण आहे. न्यायासाठी साक्ष द्या, मग ती स्वतःच्या किंवा आईबापांच्या विरुद्ध जाणारी का असेना, असे कुरआन सांगते. म्हणजे रझाकारांनी गावोगावी केलेले अत्याचारही आपल्या चित्रफितीत यायला हवेत, आणि ते भोगलेल्या हिंदू घरांतील ज्येष्ठांनाही तितक्याच आदराने बोलते करायला हवे. विलीनीकरणाच्या बाजूने लिहिणारे 'इमरोज'चे संपादक शोएबुल्ला खान यांचा ऑगस्ट 1948 मध्ये हैदराबादेत खून झाला. ते आपलेच होते. त्यांना वगळले तर ती साक्ष राहत नाही, नुसती तक्रार होते.

त्याच सुंदरलाल अहवालात आणखी एक नोंद आहे. काही ठिकाणी हिंदू विणकरांनी मुसलमान विणकरांना वाचवले आणि त्यासाठी प्राणही गमावले. ही गोष्ट सांगणारे कोणी हयात असेल तर त्याच्यापर्यंत आधी पोहोचायला हवे.

17 सप्टेंबरला मराठवाडा मुक्तिसंग्राम दिन साजरा होतो, आणि तो व्हावाच. निजामशाहीतून सुटका ही आपलीही सुटका होती. पण त्या दिवशी वर्गातल्या एखाद्या मुलाने विचारले, "सर, तेव्हा आपले लोक कुठे होते?" तर त्याला पूर्ण उत्तर मिळाले पाहिजे. ते देऊ शकणारी माणसे आता थोडीच उरली आहेत. पुढच्या ईदला त्यांना सलाम करायला जाल, तेव्हा थोडा वेळ काढून बसा आणि त्यांची परवानगी विचारा.