दिवाच फसवतो तेव्हा

वेदान्त्यांचा एक लाडका दाखला आहे. अंधारात दोरी पडलीय, माणसाला साप दिसतो. दिवा आणला की साप गेला. पुढचं ठरलेलंच: जातही असाच भ्रम, ज्ञानाचा दिवा लावा, जाईल. आपलीही काही पोरं आता सभेत हेच बोलू लागलीत.

दोस्तांनो, हा दाखला कधी खात्यात उभं न राहिलेल्याचा आहे.

खात्यात दिवाच फसवतो. आपली वीज सेकंदाला 50 फेऱ्यांची, त्यामुळं साधी ट्यूबलाइट सेकंदाला 100 वेळा मंद-तेज होते. डोळ्याला पत्ता लागत नाही. पण फिरत्या चाकाचे आरे त्या लुकलुकीशी जुळले की चाक उभं दिसतं. चाक भरधाव, आणि डोळा म्हणतो, घाल हात! मराठा असो की बौद्ध, नवा असो की मुरलेला, डोळा सगळ्यांचा फसतो. माहीत असूनही फसतो.

कानाचंही तेच. मॅकगर्क आणि मॅकडोनल्ड यांनी 1976 साली दाखवलं: आवाज 'बा'चा, पडद्यावर ओठ 'गा'चे, तर बहुतेकांना ऐकू येतं 'डा'. युक्ती फोडून सांगितली तरी पुन्हा 'डा'च. साच्यांच्या खडखडाटात ओठांवरून बोलणं ओळखणाऱ्यांना हे लगेच पटेल.

मग उपाय? डोळ्याला कुणी व्याख्यान देत बसत नाही. वायरमन येतो, शेजारशेजारच्या ट्यूबा वेगवेगळ्या फेजवर टाकतो. एक मंद होते तेव्हा दुसरी तेज असते. चाक फिरताना दिसतं.

आता जात. मुंबईच्या गिरण्यांत अस्पृश्यांना साळखात्यात घेत नसत. कांडी बदलली की धोट्यातून सूत तोंडानं ओढावं लागायचं, आणि आपल्या माणसानं तोंड लावलेला धोटा बाकीच्यांना बाटलेला वाटायचा. 1928च्या संपात बाबासाहेबांनी हा प्रश्न मांडला. सांगा, त्या धोट्यावर डोळ्याला वेगळं काय दिसत होतं? थुंकी सगळ्यांचीच ओली. डोळा फसलाच नव्हता. साळखात्याचा पगार जास्त होता. तो मात्र कुणाला बाटलेला वाटला नाही.

ट्यूबलाइटच्या भ्रमातून कुणाला दमडी मिळत नाही, उलट बोट जातं. ज्यातून एकाला साचा मिळतो आणि दुसऱ्याला झाडू, त्याला मी भ्रम म्हणायला तयार नाही. ते वायरिंग आहे, कुणीतरी केलेलं.

पुढच्या अभ्यासवर्गात दोरी-साप राहू द्या. कुठल्या खात्यात कोण, कायम कोण, कंत्राटी कोण, ही यादी घेऊन बसू. आमच्या पाळीची मी लिहून आणतो.