खरी तक्रार, खोटं कारण

गिरगावात आमची एक जुनी तीन मजली चाळ आहे. आजोबांकडून बाबांकडे आलेली. तळमजल्यावर मिसळ-वड्याचं दुकान आहे, पागडीवर, माझ्या जन्माच्याही आधीपासून. भाडं महिना ३४० रुपये. तिथे चौघांनी मिसळ आणि चहा घेतला, तर बिल त्याहून जास्त होतं.

गेल्या वर्षी दुकानवाले काका गेले. परवाना त्यांच्या मुलीच्या नावावर करायचा होता. मुंबईत खाण्याच्या धंद्याला महापालिकेचा परवाना लागतो. १८८८च्या कायद्यातलं कलम ३९४ त्यासाठीच आहे. कार्यालयात तिला मालकाचं ना हरकत पत्र आणायला सांगितलं. ती बाबांकडे आली. बाबा म्हणाले, "बघतो."

ती गेल्यावर ते मला म्हणाले, "तू नीट लिहितेस. हरकतीचं पत्र तयार कर. आता येईल भाड्यावर बोलायला."

मी मोबाइलवर वीस मिनिटांत लिहिलं. जिन्याखाली गॅसचे सिलेंडर ठेवले जातात. आग लागली तर वरच्या नऊ बिऱ्हाडांना उतरायला दुसरी वाट नाही. एकही शब्द खोटा नव्हता. तरी पाठवताना बोट अडलं.

बाबांचा राग मला पटतो. १९४७च्या भाडे कायद्याने मुंबईतली भाडी १९४०च्या पातळीला बांधून ठेवली. १९९७मध्ये सर्वोच्च न्यायालयालाही ही गोठवणूक अवाजवी वाटली. मग १९९९चा कायदा आला, त्यात वर्षाला ४ टक्के वाढ. ३४० रुपयांवर ती होते १३ रुपये ६० पैसे. गच्चीच्या डागडुजीला वाळूचं पोतंही त्यात येत नाही. तेव्हा मालक म्हणजे खलनायक, हे सिनेमातलं गणित इथे चालत नाही.

पण त्याच १९९९च्या कायद्यात आणखी एक गोष्ट आहे. भाडेकरूचं पाणी, वीज, जिन्यातला दिवा मालकाने विनाकारण तोडला, तर तो गुन्हा ठरतो. मालकाची सही त्या यादीत नाही. बाबांचं म्हणणं तेच होतं, "मी काय केलं? मी फक्त सही केली नाही." मला प्रश्न पडला, की नळ बंद करणं आणि पेन बंद ठेवणं यात खरंच किती फरक आहे? चूल दोन्हीकडून विझते.

सही आपली असते, हे खरं. पण ती मागितली जाते एका ठरावीक प्रश्नासाठी: इथे हा धंदा चालण्याला तुमची हरकत आहे का? भाडं कमी आहे, हे त्या प्रश्नाचं उत्तर नाही.

मग सिलेंडरचं काय? ते तर खरं होतं ना? मी स्वतःला एकच विचारलं: उद्या तिने भाडं पाच हजार केलं, तर हे पत्र आपण पाठवू का? उत्तर "नाही" होतं. म्हणजे ते पत्र नऊ बिऱ्हाडांसाठी नव्हतंच. त्यांचा जीव आम्ही भाड्याच्या सौद्यात गहाण ठेवत होतो. आणि त्याहून वाईट म्हणजे, सिलेंडर तिथे कित्येक वर्षं होते. तेव्हा आम्ही गप्प होतो, कारण तेव्हा ते बोलण्यात आमचा फायदा नव्हता. खरं बोलणं पुरेसं नसतं. ते केव्हा आणि कशासाठी बोललो, याचाही हिशेब द्यावा लागतो.

मी बाबांना हे सांगितलं. ते चिडले. म्हणाले, "हातातलं एकमेव हत्यार टाकायला सांगतेस." खरंच सांगत होते. भाड्याचं भांडण लघुवाद न्यायालयात जाईल, आणि तिथे वर्षं जातात. प्रामाणिकपणाची ही किंमत बाबा मोजणार, मी नाही, हेही मला ठाऊक होतं.

मी पत्र पाठवलं नाही. दुकानात जाऊन सिलेंडरचं तोंडावर सांगितलं. चार दिवसांत ते मागच्या मोकळ्या जागेत गेले. आठवड्याने बाबांनी सही केली आणि दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत.

भाडं अजून ३४०च आहे. ते अन्यायाचंच आहे, आणि त्यासाठी आम्ही भांडणार आहोत. पण भाड्यासाठीच भांडतोय, असं सांगून.