आधीच चोरीला गेलेली रत्ने



ऑक्सफर्ड विद्यापीठातील प्राध्यापक जे. आर. आर. टॉल्किन (१८९२-१९७३) हे श्रद्धावान कॅथलिक होते. त्यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या कादंबरीवरील चित्रपट आपल्यापैकी अनेकांनी पाहिले असतील. त्यात फ्रोडो नावाचा छोटासा नायक काळोख्या गुहेत एका राक्षसी कोळिणीपुढे सापडतो आणि त्याच्या हातातील काचेची कुपी तेजाने उजळते. हा प्रकाश आला कोठून? त्याची जुनी कथा टॉल्किन यांच्या मृत्यूनंतर, १९७७ साली प्रसिद्ध झालेल्या ‘द सिल्मरिलियन’ या ग्रंथात आहे. कथा काल्पनिक आहे, पण तिच्यातील प्रश्न आपल्या घरातला आहे.

सूर्य-चंद्र नव्हते तेव्हा वालिनोर या भूमीला दोन वृक्ष प्रकाश देत असत. एक रुपेरी, दुसरा सोनेरी. फेआनोर नावाच्या थोर कारागिराने तो प्रकाश तीन रत्नांत साठवला. पुढे मेल्कोर या दुष्टाने एका महाकाय कोळिणीच्या साहाय्याने दोन्ही वृक्ष मारून टाकले. ज्या यवान्नाने ते वृक्ष निर्माण केले होते ती म्हणाली, रत्नांतील थोडा प्रकाश मिळाला तर वृक्ष पुन्हा जगतील. मात्र त्यासाठी रत्ने फोडावी लागणार होती. फेआनोरने नकार दिला. असे काम आयुष्यात एकदाच हातून होते, रत्ने फुटली तर आपले काळीजही फुटेल, असे त्याचे म्हणणे होते. कोणी त्याच्यावर बळजबरी केली नाही. इतक्यात निरोप आला: मेल्कोरने फेआनोरच्या वडिलांना ठार करून रत्ने केव्हाच पळवली होती!

म्हणजे फेआनोर ‘हो’ म्हणाला असता तरी वृक्ष जगणार नव्हते. मग त्याच्या नकाराने बिघडले काय? टॉल्किन सुचवतात की तो आधीच ‘हो’ म्हणाला असता, तर त्याची पुढील कृत्ये निराळी झाली असती. प्रत्यक्षात त्याने व त्याच्या सात मुलांनी रत्नांसाठी भयंकर शपथ घेतली आणि वाटेत जहाजांसाठी आपल्याच भाऊबंदांचे रक्त सांडले.

ज्या होकाराने बाहेर काहीच बदलणार नाही, त्याला किंमत असते का? जर्मन तत्त्वज्ञ इमॅन्युएल कांट यांनी १७८५ साली लिहिले की, सदिच्छेच्या हातून काहीही साध्य झाले नाही, तरी ती रत्नासारखी स्वतःच्या तेजाने चमकते. पवित्र शास्त्रही आपल्याला हेच दाखवते. अब्राहामाकडून देवाने इसहाकाला घेतले नाही. घेतला तो फक्त त्याचा होकार. गरीब विधवेच्या दोन नाण्यांनी मंदिराच्या दानपेटीत कितीशी भर पडली? तरी प्रभू येशूने तिचेच दान सर्वांत मोठे ठरवले.

कोणी म्हणेल, “फादर, मग नुसती इच्छा चांगली असली म्हणजे झाले!” तसे नव्हे. फेआनोरला प्रश्न विचारला तेव्हा रत्ने आपल्याच घरात आहेत अशी त्याची समजूत होती. त्याच्या दृष्टीने किंमत खरी होती. किंमत मोजायची तयारी असेल तरच होकार खरा. काही द्यावे लागणार नाही हे कळल्यावर काढलेले गोड उद्गार म्हणजे होकार नव्हे.

बंधुभगिनींनो, वडिलोपार्जित जमिनीत बहीण हिस्सा मागते. भाऊ नाही म्हणतो. पुढे ती जमीन कोर्टकज्जात अशी अडकते की कोणालाच तिचा उपभोग मिळत नाही. मग भाऊ म्हणतो, “मी दिला असता तरी तिच्या हाती काय लागले असते?” जमीन लागली नसती, हे खरे. पण तिला भाऊ मिळाला असता आणि भावाला बहीण. तो नकार सातबाऱ्यावर लिहिलेला नसतो. तो दोघांच्या मनात लिहिलेला असतो आणि पुढे आईच्या मयताला दोघे दोन बाजूंना उभे राहतात. फेआनोरच्या हातांनी रत्ने घडली, पण त्यांतला प्रकाश त्याने निर्माण केला नव्हता. आपण कसलेली जमीनसुद्धा आपण निर्माण केलेली नाही.

त्या तीन रत्नांचे पुढे काय झाले? दोन रत्ने अखेर फेआनोरच्या उरलेल्या दोन मुलांनी बळकावली. त्यांनी त्यांचे हात भाजले. एक आगीत गेले, एक समुद्रात. तिसरे मात्र एआरेन्डिल या दर्यावर्द्याकडे आले. ते घेऊन तो संकटात सापडलेल्यांसाठी मदत मागायला गेला आणि ते रत्न आकाशात तारा झाले. त्या ताऱ्याचा प्रकाश एका राणीने पाण्यात धरला, कुपीत भरला आणि फ्रोडोला भेट दिला.

पास्काच्या रात्री आपण हेच अनुभवतो. एका मोठ्या मेणबत्तीवरून सारे मंदिर उजळते आणि तिची ज्योत तसूभरही कमी होत नाही. या आठवड्यात आपल्याकडे कोणी काही मागितले आणि ते देण्याचा उपयोग होईल की नाही अशी शंका आली, तर आपण एवढेच स्मरूया: ती वस्तू कदाचित आपल्या हातून केव्हाच गेलेली असेल. होकार मात्र अजून आपल्याच हाती आहे.

प्रभू आपणा सर्वांस आशीर्वाद देवो.