बांबू कोणाचा, वही कोणाची

फायदा मला झाला, नुकसान दुसऱ्याचं झालं आणि ते नुकसान मी केलेलं नाही. तरी मी काही देणं लागतो का? राजुऱ्यात वाढलेल्याला हा प्रश्न पुस्तकी वाटत नाही.

वर्धा नदी ओलांडली की बल्लारपूर. तिथली पेपर मिल 1945 साली स्थापन झालेल्या कंपनीची. तिकडून वारा आला की सडक्या कोबीसारखा वास यायचा. बांबूचे तुकडे कॉस्टिक सोडा आणि सोडियम सल्फाइडमध्ये दाबाखाली शिजवले की लिग्निन विरघळतं, तंतू सुटे होतात. वास त्यातल्या गंधकाचा. आमच्याकडे त्याला फारशी नावं ठेवत नसत. वास येतोय म्हणजे मिल चालू आहे, पगार होणार.

बांबू यायचा चंद्रपूर-गडचिरोलीच्या जंगलांतून, सरकारशी केलेल्या लांब मुदतीच्या करारांवर. त्याच जंगलाच्या कडेला बुरूड सुपं-टोपल्या विणत, गोंडांच्या घरांना आणि कुंपणांना बांबूच लागे. त्यांना तो मोजून मिळे, कारखान्याला टनावारी.

दर काय होता? माधव गाडगीळांनी 1970च्या दशकात कर्नाटकात याच प्रश्नाचा अभ्यास केला. तिथे दांडेलीच्या कारखान्याला बांबू टनाला दीड रुपयाच्या आसपास पडत होता. बाजारातून घेणाऱ्या बुरूडांना त्याच्या कित्येक पट मोजावे लागत. शिवाय तोड सोपी व्हावी म्हणून बेटाच्या बुडाशी असलेलं काटेरी आवरण साफ केलं जाई, आणि उघडे पडलेले कोंब गुरं खाऊन टाकत. गावकऱ्यांना हे माहीत होतं. त्यांना विचारायला कोणी गेलं नव्हतं.

मला दरापेक्षा हे न विचारणं जास्त खटकतं.

बांबू खरं तर गवत. पण 1927च्या वन कायद्यानं त्याला झाडांत बसवलं, आणि झाड म्हणजे वनखात्याचं. 2006च्या वनहक्क कायद्यानं तो गौण वनोपज ठरवला. हक्क सिद्ध करायला मात्र पुरावा हवा, म्हणजे पुन्हा कागदच! (बरं की नियमांत गावातल्या म्हाताऱ्यांची साक्षही चालते.) धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावाला 2009मध्ये सामूहिक हक्क मिळाला, तरी बांबू गावाबाहेर न्यायला वाहतूक परवाना लागतो आणि तो खात्याकडे. अखेर 27 एप्रिल 2011 रोजी तेव्हाचे केंद्रीय मंत्री जयराम रमेश यांनी गावात येऊन परवान्यांचं पुस्तक ग्रामसभेच्या हाती दिलं. देवाजी तोफा आणि मोहन हिराबाई हिरालाल यांची कित्येक वर्षं त्यामागे होती.

मिलनं रोजगार दिला, हे खरंच आहे. मिलच्या पगारावर शिकलेली माणसं माझ्या ओळखीत आहेत. पण रोजगार एकाला मिळाला म्हणून दुसऱ्याच्या बांबूचा हिशेब फिटत नाही. आणि कंपनी 2020मध्ये दिवाळखोरीच्या प्रक्रियेत गेली, म्हणजे ज्यांच्याकडे हिशेब मागायचा तेही उरले नाहीत. उरलो आम्ही, त्या कागदावर बाराखडी गिरवलेले.

वह्या परत करता येत नाहीत. एवढं मात्र करता येतं: आज ग्रामसभा आपल्या बांबूचा लिलाव करते तेव्हा ‘फार भाव मागतात’ म्हणणारे भेटतात, आमच्या घरातही भेटतात. त्यांना मी टनामागचा दीड रुपया सांगतो.