कोर्लईचं कॅथलिकपण

मराठीत 'कॅथलिक' हा शब्द आपण बहुतेकदा जातीच्या नावासारखा वापरतो. लग्नाच्या जाहिरातीत तो येतो, भाड्याच्या घराची चौकशी करताना येतो, एखाद्याची ओळख करून देताना येतो. 'ख्रिश्चन आहेत, पण कॅथलिक' या वाक्यातल्या 'पण'चा अर्थ बोलणाऱ्यालाही सांगता येत नाही. पोटजात विचारावी तसा हा प्रश्न विचारला जातो आणि तसंच त्याचं उत्तर दिलं जातं. मुळात हे विशेषण एकट्या माणसाला लावायचं नव्हतंच. ते लावलं गेलं सभेला, एकत्र जमलेल्या माणसांना. आणि त्याचा अर्थ इतका मोठा होता की ज्यांनी तो मिरवला त्यांनाही तो पेलला नाही. रायगडच्या किनाऱ्यावर चौल, रेवदंडा आणि कुंडलिकेच्या पलीकडचं कोर्लई या तीन गावांत या शब्दाची जी परीक्षा झाली, ती धर्मशास्त्राच्या ग्रंथांतून सहसा वाचायला मिळत नाही.

शब्द ग्रीक आहे. 'कथ होलू' म्हणजे 'पूर्णाला धरून'. आज आपल्या माहितीत असलेला त्याचा पहिला ख्रिस्ती वापर अंत्युखियाचा बिशप इग्नेशियस याच्या पत्रात सापडतो. इ.स. 110च्या सुमारास त्याला पहाऱ्यात रोमला नेत होते, श्वापदांपुढे टाकण्यासाठी. वाटेत त्याने स्मर्ना, म्हणजे आजच्या तुर्कस्तानातलं इझमीर, इथल्या मंडळींना पत्र लिहिलं. जिथे ख्रिस्त असेल तिथे कॅथलिक सभा असते, असा त्यातला आशय आहे. हे लिहिलं गेलं तेव्हा ख्रिस्ती माणसं किती होती? रोमन साम्राज्यातल्या काही शहरांत मूठभर, तीही लपूनछपून जमणारी. अशा काळात 'जगभर पसरलेली' असा या शब्दाचा अर्थ असणं अवघड आहे. इग्नेशियसला म्हणायचं होतं ते वेगळं: कोणाच्या तरी घरातल्या खोलीत दहा माणसं भाकरी मोडायला बसली, तरी तिथे सगळं आहे, काही कमी नाही. सत्यनारायणाचा प्रसाद हातावर चमचाभर पडला म्हणून कोणी 'मला अर्धाच प्रसाद मिळाला' असं म्हणत नाही, तसंच हे आहे.

पुढे अर्थ सरकला. चौथ्या शतकाच्या मध्यावर जेरुसलेमचा सिरिल नवख्यांना शिकवताना या विशेषणाचे अनेक पदर उलगडून दाखवतो. सभा पृथ्वीच्या टोकापर्यंत आहे म्हणून कॅथलिक, हा एक पदर. सगळं सत्य शिकवते म्हणून, हा दुसरा. राजे आणि प्रजा, शिकलेले आणि अडाणी अशा सगळ्या तऱ्हेच्या माणसांना एकत्र आणते म्हणून, हा तिसरा. मला हा तिसरा सर्वांत मोलाचा वाटतो. चौल आणि कोर्लईकडे बघताना तो सतत आठवतो. 381 साली कॉन्स्टॅन्टिनोपलच्या धर्मपरिषदेशी जोडलेल्या विश्वासाच्या कबुलीत 'एक, पवित्र, कॅथलिक आणि प्रेषितांची' ही चार विशेषणं पक्की झाली. पण थोड्याच वर्षांत उत्तर आफ्रिकेत संत ऑगस्टीनचा डोनाटसपंथीयांशी वाद पेटला. आम्हीच शुद्ध, म्हणून आम्हीच खरी सभा, असं ते म्हणत. ऑगस्टीनचं उत्तर साधारण असं, की आफ्रिकेच्या एका कोपऱ्यात आहात, मग पूर्ण कसे? तुमच्याबाहेर जग आहे. वादात हे उत्तर बिनतोड होतं. मात्र त्याने शब्दाचा तोल बदलला. पूर्णत्व मागे पडलं आणि विस्तार पुढे आला. आणि विस्तार म्हटला की नकाशा येतो, नकाशाच्या मागोमाग गलबतं येतात.

ही गलबतं आपल्या किनाऱ्याला लागण्याच्या आधीची एक गोष्ट सांगायला हवी. 1321 साली चार फ्रान्सिस्कन साधू ठाण्याला उतरले आणि तिथे मारले गेले. त्यांना आसरा देणारी घरं ख्रिस्तीच होती, पूर्वेकडच्या, पर्शियाशी जोडलेल्या मंडळीची. युरोपने त्या मंडळीला 'नेस्टोरियन' म्हणून पाखंडी ठरवलं होतं. पण त्यांच्या मुख्य धर्माध्यक्षाचं पद काय होतं? 'कॅथोलिकोस'. म्हणजे ज्यांना आपण पूर्ण नाहीत म्हणून बाहेर काढलं, त्यांच्याच घरी हे साधू जेवले, आणि त्या घराच्या धर्मगुरूची पदवी त्याच विशेषणातून आलेली होती. कोकणातल्या ख्रिस्ती इतिहासाची सुरुवात पोर्तुगीजांपासून करण्याची जी सवय आपल्याला लागली आहे, ती म्हणूनच सोडायला हवी.

1469च्या सुमारास चौल बंदरात एक रशियन व्यापारी उतरला. अफनासी निकितिन, त्वेर शहराचा. व्होल्गेच्या वाटेवर लुटला गेलेला, विकायला एक घोडा घेऊन आलेला. रेवदंड्यात त्याचं स्मारक आहे आणि पहिला रशियन प्रवासी म्हणून त्याची ओळख शाळेतली मुलंही सांगतात. त्याच्या वृत्तांतात चौलच्या लोकांचे पोशाख आहेत, बाजारातले भाव आहेत, जुन्नरचा पावसाळा आहे. जुन्नरला असदखानाने त्याचा घोडा काढून घेतला आणि धर्म बदल, तर घोडाही देतो आणि वर सोनंही, असं सांगितलं. घोडा अखेर परत मिळाला, तेही धर्म न बदलता.

पण मला त्या वृत्तांतात हलवून सोडतं ते दुसरंच. निकितिनची धर्मपुस्तकं लुटीत गेली होती. त्यामुळे ईस्टर कधी, उपवास कधी, हे त्याला कळेना. तो अंदाजाने सण पाळत राहिला. भोवतालचे मुसलमान रोजे धरत तेव्हा त्यानेही उपवास केले. त्याच्या लिखाणातल्या प्रार्थनांत रशियनबरोबर तुर्की, फारसी, अरबी शब्द मिसळत गेले आणि शेवटी तर प्रार्थनेत रशियन जवळजवळ उरलीच नाही. तो घरी पोचलाच नाही. स्मोलेन्स्कच्या अलीकडे वाटेतच वारला. त्याच्या स्लाव्ह भाषेतल्या कबुलीत 'कॅथलिक'च्या जागी जो शब्द आहे त्याचं मूळ 'जमणं' या क्रियेत आहे. 'एकत्र जमलेली' सभा, असा त्याचा अर्थ. चौलच्या धक्क्यावर हा माणूस एकटा होता. जमायला कोणी नव्हतं, दिनदर्शिका नव्हती, धर्मगुरू नव्हता. तरी त्याचा विश्वास अपुरा होता असं म्हणण्याचं धाडस मी करणार नाही. पण सभा नसेल तर श्रद्धावान माणसाची काय तगमग होते, ते त्याने लिहून ठेवलं आहे, आणि या विशेषणाची गरज का पडते हे त्याच्याइतकं कळकळीने फार थोड्यांनी सांगितलं असेल.

मग पोर्तुगीज आले. 1521 साली निजामशहाच्या परवानगीने त्यांनी चौलला किल्ल्याचं काम सुरू केलं. 1570-71चा निजामशाही वेढा सोसला, 1594 साली खाडीपलीकडचा कोर्लईचा डोंगर जिंकला. रेवदंड्याच्या तटबंदीत फ्रान्सिस्कन, डोमिनिकन, जेझुइट, ऑगस्टिनियन अशा संघांचे मठ आणि चर्च उभे राहिले. आज नारळी-पोफळीच्या वाड्यांतून त्यांच्या भिंती डोकावतात; सातखणी मनोरा त्यांतलाच. एवढ्याशा तटात एवढ्या वेदी! पसाऱ्याच्या हिशेबाने पाहिलं, तर या विशेषणाचा हा सुवर्णकाळ.

सिरिलच्या तिसऱ्या पदराच्या हिशेबाने मात्र तो तसा नव्हता. गोव्याजवळच्या दिवाडी बेटावरच्या ब्राह्मण कुळातल्या मातेउस द कास्त्रो याला गोव्याच्या आर्चबिशपने दीक्षा नाकारली. तो थेट रोमला गेला, तिथे धर्मगुरू झाला आणि 1637 साली बिशप झाला. परतल्यावर गोव्याच्या धर्मसत्तेने त्याचा अधिकार मान्य केला नाही. त्याला आदिलशाही मुलखात, डिचोलीला राहून काम करावं लागलं. सर्वांची म्हणवणारी सभा आणि तिच्या दारात इथलाच माणूस उभा. पोर्तुगालच्या राजाचा चर्चवरचा हक्क, ज्याला 'पाद्रोआदो' म्हणतात, आणि रोमच्या 'प्रोपगांडा' संस्थेचा अधिकार यांचं भांडण पुढे मुंबईतही पेटलं. 1720 साली इंग्रजांनी तिथले पोर्तुगीज साधू घालवून कार्मेलाइट आणले, 1794 साली चर्चची वाटणी झाली, आणि एकाच शहरात दोन कॅथलिक अधिकारक्षेत्रं 1928पर्यंत नांदली. पूर्णाचे दोन तुकडे, प्रत्येकाचा पूर्णत्वावर दावा. विस्ताराला पूर्णत्व समजण्याचा हा परिणाम आहे, असं मला ठामपणे वाटतं.

1739 साली वसई पडली. 1740च्या तहाने चौल मराठ्यांकडे आलं. वजनदार पोर्तुगीज गोव्याकडे निघून गेले. मागे राहिली ती गरीब, कष्टकरी ख्रिस्ती माणसं, आणि ती कोर्लईत टिकून राहिली. आता त्यांच्यामागे राजा नव्हता, तोफा नव्हत्या. कोर्लईच्या किल्ल्यावर गेलं की बिनछपराचं चर्च दिसतं. वेदीची जागा ओळखू येते, वर आभाळ आहे. खाली, डोंगर आणि समुद्र यांच्यामधल्या गावात माउंट कार्मेल मातेचं चर्च आहे, आणि ते भरतं. सत्ता गेली की तिने आणलेला धर्म वाहून जाईल, असं इतिहासाचं ठोकळ गणित सांगतं. कोर्लईत तसं झालं नाही. जे लादलेलं म्हणून आलं असेल, ते पिढ्यान्‌पिढ्या, कोणी लादायला नसताना, लोकांनी आपलं म्हणून जपलं. माझ्या मते या किनाऱ्यावर 'कॅथलिक' हा शब्द खरा झाला तो 1740 नंतर.

या लोकांची भाषाही तशीच घडली. तिला ते 'नो लिंग', म्हणजे 'आमची भाषा' म्हणतात. शब्द बहुतेक पोर्तुगीज वळणाचे, पण वाक्य मराठीच्या चालीवर. क्रियापद हळूहळू शेवटाकडे सरकलेलं. जे. क्लॅन्सी क्लेमेंट्स या भाषाशास्त्रज्ञाने तिच्या जडणघडणीवर 1996 साली ग्रंथ लिहिला. बोलणारे जेमतेम हजाराच्या आसपास. चर्चमध्ये मात्र लोकांनी प्रार्थना म्हटली ती विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत पोर्तुगीजमध्ये आणि नंतर मराठीत. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने 1963 साली लोकभाषेतल्या उपासनेला मोकळीक दिली, आणि 1964 साली स्थानिक मंडळी लहान, गरीब, विखुरलेली असली तरी तिच्यात ख्रिस्ताची सभा खरोखर हजर असते, असं मांडलं. हा इग्नेशियसचाच अर्थ, अठराशे वर्षांनी परत आलेला. पण कोर्लईची लोकभाषा कोणती, हा प्रश्न तेव्हा कोणी विचारला का? पोर्तुगीज ही राज्यकर्त्यांची, मराठी ही भोवतालच्या मुलखाची. दोन्ही मोठ्या, दोन्ही लिहिलेल्या. चुलीपाशी बोलली जाते ती तिसरीच.

मराठी ख्रिस्ती विचारवंतांनी हा मुद्दा फार आधी ओळखला होता. पंडिता रमाबाईंनी 1883 साली इंग्लंडमध्ये वाँटेजला बाप्तिस्मा घेतला, पण तिथल्या सिस्टर जेराल्डीन यांच्याशी त्यांचा वाद सुरूच राहिला. गळ्यातल्या क्रुसावर लॅटिन शब्द कशासाठी, संस्कृत का नको, असा त्यांचा सवाल होता. ख्रिस्ताच्या सभेत आपण आलो आहोत, एका देशाच्या धर्मगुरूंचा शब्द झेलायला नव्हे, हे त्या बजावून सांगत. रेव्हरंड ना. वा. टिळकांनी 1917 साली मिशनची नोकरी सोडून 'देवाचा दरबार' मांडला, त्यात बाप्तिस्मा घेतलेल्यांबरोबर न घेतलेल्यांनाही जागा होती. दोन वर्षांत टिळक गेले आणि प्रयोग फार चालला नाही. दोघेही प्रोटेस्टंट, 'रोमन कॅथलिक' ही पाटी दोघांनीही नाकारली असती. पण या विशेषणाचा मूळ अर्थ त्यांच्याइतका मराठीत कोणी जगलं नाही.

प्रोटेस्टंट मंडळी आपल्या कबुलीत 'सार्वत्रिक' शब्द वापरतात. शब्द सोपा आहे, चुकीचा नाही. पण तो 'सर्वत्र' एवढंच सांगतो, 'सगळं' सांगत नाही. पाऊस सार्वत्रिक असतो. त्याने मंडळीत कोणाला मागच्या बाकावर बसवलं जातं, हे कळत नाही. धर्म बदलला तरी जात मागे लागते, पंगत वेगळी होते, स्मशानातही अंतर राहतं, हे या देशातल्या ख्रिस्ती समाजाचं जुनं दुखणं आहे. दर रविवारी प्रवचनानंतर उभं राहून 'कॅथलिक' म्हणणाऱ्या प्रत्येकाला हा शब्द त्याबद्दल जाब विचारतो. तो नुसता वारशाने मिळालेला शिक्का असता, तर त्याने जाब विचारला नसता.

कोर्लईतली मुलं आज मराठी शाळेत जातात, मोबाइलवर हिंदी ऐकतात, नोकरीसाठी मुंबई गाठतात. नो लिंग बोलणारे कमी होत चालले आहेत. भाषाशास्त्रज्ञांनी तिचं व्याकरण नोंदवलं, ते मोठं काम झालं. तेवढ्याने भाषा जगत नाही. मुंबईच्या आर्चडायसिसकडे, ज्यात रायगड जिल्हा येतो, आणि गावातल्या वडीलधाऱ्यांकडे एक मागणं आहे. माउंट कार्मेलच्या वेदीवर मराठीच्या बरोबरीने नो लिंगलाही मानाची जागा द्या. एक गीत, एक प्रार्थना आणि विश्वासाची ती कबुली त्या भाषेत म्हणू द्या, आजीआजोबांच्या तोंडून आणि नातवंडांच्याही. आणि किल्ला बघायला कोर्लईला जाणाऱ्या आपल्यासारख्यांनी गावातल्या माणसांना 'तुम्ही पोर्तुगीज ना?' असं विचारणं थांबवावं. ती मराठी मुलखातली माणसं आहेत. त्यांचं घर इथेच आहे, देवही इथलाच आहे.