कारण न सांगणारी बाई

मी मालिका लिहिते. नव्या कथेतल्या पासष्टीच्या नायिकेचं शेवटी काय करायचं ते सुचेना, म्हणून मावशीकडे गेले. ती मेथी निवडत होती.

"ती घर सोडून गेली तर टाळ्या मिळतील," मी म्हटलं. "राहिली तर पुन्हा तीच सोशिक आई."

"जाऊ दे की मग. २०२३ मध्ये 'बाईपण भारी देवा' आला, तेव्हा आमची अख्खी भिशी नऊवारी नेसून, गॉगल लावून गेली होती. मंगळागौरीच्या खेळांना आम्ही थिएटरात उठून नाचलो. ते काही खोटं नव्हतं."

"खोटं कुठे म्हणते? १९९० च्या 'अग्निपथ'मध्ये रोहिणी हट्टंगडी अमिताभची आई झाल्या, त्याच्याहून वयाने लहान असताना. 'मदर इंडिया'तली नर्गिस आणि तिचा मुलगा झालेला सुनील दत्त, दोघांचाही जन्म १९२९ चा! म्हातारपण म्हणजे केसांना लावायची पांढरी पावडर. 'बाईपण'मध्ये त्याच रोहिणीताई आपल्याच वयाची बाई होऊन येतात, हे मोठंच आहे. पण नाचली तरच म्हातारी दिसायची का गं? जिचे गुडघे दुखतात तिचं काय?"

"गुडघे माझेही दुखतात. मला खुपतं ते निराळंच. 'आई कुठे काय करते'मधली अरुंधती स्वतःसाठी जगायला लागली, पण केव्हा? नवऱ्याने फसवल्यावर. 'अग्गंबाई सासूबाई'तल्या आसावरीचं दुसरं लग्न झालं, ते सुनेनं पुढाकार घेतला म्हणून. बाईला काही हवं असेल तर आधी तिच्यावर घाव पडायला हवा, नाहीतर कुणीतरी 'जा' म्हणायला हवं."

"कारण नसलं की ती स्वार्थी वाटते, मावशी."

"कुणाला?"

"मलाच," मी कबूल केलं. "लिहिताना मलाच वाटली. म्हणून मी तिच्या नवऱ्याला दारुडा केलाय."

मावशीचे हात थांबले. "तुझे काका देवमाणूस होते. तरी मला कधी कधी वाटायचं, चार दिवस एकटीनं कुठेतरी जाऊन राहावं. चाळीस वर्षांत बोलले नाही. सांगायला कारणच नव्हतं."

त्या रात्री मी नवऱ्याची दारू खोडली. नायिका आता घर सोडत नाही. पंधरा दिवस हरिहरेश्वरला एकटी राहते आणि परत येते. "का गेली होतीस?" मुलगा विचारतो.

तिचं उत्तर मी लिहिलेलं नाही.